निवृत्त झालो, पण चौकशी चालू आहे: पेन्शन आणि अडकलेल्या रकमांबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सरकारी कार्यालयाच्या आस्थापना शाखेत माझी सगळी नोकरी झाली आणि शेवटची काही वर्षं तर नुसत्या पेन्शन केसेस पाहण्यातच गेली. निवृत्तीनंतरही हे काम सुटलं नाही. सकाळी ठाण्याच्या तलावपाळीला फेरी मारताना कोणीतरी पिशवीतून कागद काढतं. नेरूळ, ऐरोली, कळव्याहून व्हॉट्सअ‍ॅपवर आदेशांचे फोटो येतात. माणसं वेगळी असली तरी प्रश्न तेच असतात, म्हणून ते इथे एकत्र केले आहेत.

एक गोष्ट आधी सांगते. ही उत्तरं 1 नोव्हेंबर 2005 पूर्वी सेवेत आलेल्या, जुनी पेन्शन लागू असलेल्या राज्य शासकीय कर्मचाऱ्यांसाठी आहेत. त्यांचा मुख्य आधार म्हणजे महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982. महापालिका, जिल्हा परिषद, शाळा आणि सिडकोवाल्यांनी प्रश्न 17 आधी वाचावा.

1. विभागीय चौकशी चालू असताना मी निवृत्त झालो. आता पेन्शन मिळणारच नाही का?

मिळते, आणि निवृत्तीच्या दुसऱ्या दिवसापासून देय होते. नियम 27 प्रमाणे निवृत्तीच्या वेळी विभागीय चौकशी किंवा न्यायालयीन कार्यवाही चालू असेल तर तात्पुरतं निवृत्तिवेतन मंजूर करायचं असतं. ते कसं द्यायचं हे नियम 130 मध्ये सांगितलं आहे. “चौकशी संपल्यावर बघू” हे उत्तर कुठल्याच नियमात बसत नाही. तरी सगळ्यात जास्त ऐकू येतं ते हेच, आणि ऐकणारा मान खाली घालून घरी जातो, कारण चौकशीच्या नावानेच तो आधी अर्धा झालेला असतो. पेन्शन ही सरकारची मेहेरबानी नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1971 पासून वारंवार सांगितलं आहे. 17 डिसेंबर 1982 च्या, डी. एस. नकारा प्रकरणातल्या निकालातही तेच आहे, आणि त्याच तारखेला आपण पेन्शनर्स दिन पाळतो.

2. तात्पुरती पेन्शन किती मिळते? निम्मी का?

निम्मी नाही. निवृत्तीच्या तारखेपर्यंतच्या अर्हताकारी (म्हणजे पेन्शनसाठी मोजल्या जाणाऱ्या) सेवेवर जास्तीत जास्त जेवढी पेन्शन बसली असती, तेवढीच तात्पुरती पेन्शन मिळते. निलंबनात असतानाच निवृत्त झाला असाल तर निलंबनाच्या आदल्या दिवसापर्यंतची सेवा धरतात. तिच्यावर महागाई वाढही मिळते. अंतिम आदेश निघेपर्यंत ती चालू राहायला हवी.

निम्म्याचा गैरसमज निलंबनातल्या निर्वाह भत्त्यावरून आला असावा. निर्वाह भत्ता वेगळा आणि ही पेन्शन वेगळी.

पुढे अंतिम पेन्शन कमी ठरली किंवा रोखली गेली, तरी तोवर दिलेली तात्पुरती पेन्शन परत मागता येत नाही. ही तरतूद नियम 130 मध्येच आहे. ती छापून जवळ ठेवा.

3. तात्पुरती पेन्शन मंजूर करायची कोणी? कार्यालय म्हणतं एजीकडे विचारा, एजीवाले म्हणतात कार्यालयाला विचारा.

जबाबदारी तुमच्या शेवटच्या कार्यालयाच्या कार्यालय प्रमुखांची. ठाणे जिल्ह्याच्या पेन्शन केसेस मुंबईच्या महालेखापाल (एजी) कार्यालयाकडे, महर्षी कर्वे रस्त्यावरच्या प्रतिष्ठा भवनात जातात हे खरं. पण चौकशीच्या काळातल्या तात्पुरत्या पेन्शनचा पहिला आदेश कार्यालयानेच काढायचा असतो. लोकल बदलत तिथवर जाऊन उपयोग होत नाही.

अर्ज लांबलचक करू नका. विषय असा लिहा: “महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 च्या नियम 130 अन्वये तात्पुरते निवृत्तिवेतन मंजूर करणेबाबत.” मजकुरात तीनच गोष्टी येऊ द्या: निवृत्तीचा दिनांक, चौकशीच्या ज्ञापनाचा (म्हणजे आरोपपत्राचा) क्रमांक व दिनांक, आणि “दिनांक अमुकपासून निवृत्तिवेतन मिळालेले नाही.” आपल्यावर कसा अन्याय झाला, साहेब कसे वागले, हे या अर्जात आणू नका. ते आलं की अर्ज “चौकशीबाबत निवेदन” म्हणून चौकशीच्या फाईलला लागतो आणि पेन्शनच्या टेबलावर येतच नाही. हे मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं आहे. नोंदणी शाखेत अर्ज देऊन दुसऱ्या प्रतीवर शिक्का, आवक क्रमांक आणि तारीख घ्या. टेबलावर हातात दिलेल्या अर्जाचा पुढे काही पुरावा राहत नाही.

मंजुरी मिळाली तरी दर सहा महिन्यांनी विचारपूस करा. कार्यालय प्रमुख बदलले, बिल काढणारा लिपिक बदलला की तात्पुरती पेन्शन कोणताही आदेश न निघता थांबते. नव्या माणसाला ती माहीतच नसते.

4. पेन्शन मिळते, तर मग नक्की अडतं काय?

मुख्यतः ग्रॅच्युइटी, म्हणजेच उपदान. चौकशीचा किंवा खटल्याचा निकाल लागून अंतिम आदेश निघेपर्यंत उपदान देऊ नये, असं नियम 130 सांगतो. याला एक महत्त्वाचा अपवाद आहे, तो प्रश्न 9 मध्ये.

अंशराशीकरणही थांबतं. पेन्शनच्या 40 टक्क्यांपर्यंतचा भाग विकून एकरकमी पैसे घेण्याची ही सोय कार्यवाही प्रलंबित असेपर्यंत वापरता येत नाही.

रजा रोखीकरणाचं थोडं वेगळं आहे. कमाल 300 दिवसांच्या अर्जित रजेची ही रक्कम आपोआप अडत नाही. चौकशीच्या शेवटी तुमच्याकडून काही रक्कम वसूल होण्याची शक्यता दिसत असेल, तरच ती संपूर्ण किंवा अंशतः रोखता येते. त्यामुळे आरोप पैशांच्या नुकसानीचा नसेल (उदाहरणार्थ, परवानगी न घेता मुख्यालय सोडणं), तर ही रक्कम का रोखली, असा लेखी प्रश्न जरूर विचारा.

भविष्य निर्वाह निधी म्हणजे तुमचाच पैसा आहे. तो चौकशीसाठी अडवता येत नाही. गट विम्याची बचत रक्कमही मागून घ्या. लोक ग्रॅच्युइटीच्या मागे इतके लागतात की या दोन रकमांचे अर्ज द्यायचेच राहतात.

5. माझ्याविरुद्ध फक्त तक्रार आहे, प्राथमिक चौकशी झाली होती. आरोपपत्र आलेलं नाही. तरी “चौकशी प्रलंबित” म्हणून सगळं थांबवलंय. हे बरोबर आहे का?

नाही. चौकशी कधी “सुरू झाली” हे नियम 27 मध्येच ठरवून दिलं आहे. दोषारोपांचं ज्ञापन ज्या दिवशी काढलं जातं, त्या दिवशी विभागीय चौकशी सुरू झाली असं धरतात. त्याआधीच निलंबन झालं असेल तर निलंबनाच्या दिवसापासून. एवढे दोनच प्रसंग. तक्रार अर्ज, प्राथमिक चौकशी, खुलासा मागवणारं पत्र, कारणे दाखवा नोटीस यांतलं काहीही म्हणजे विभागीय चौकशी नव्हे.

अशा वेळी कार्यालयाला “ना-चौकशी प्रमाणपत्र” नाकारण्याचं कारण उरत नाही. अर्जात एकच प्रश्न विचारा: निवृत्तीच्या दिनांकास माझ्यावर दोषारोपपत्र बजावलेले होते काय? असल्यास क्रमांक व दिनांक कळवावा. उत्तर देताना तारीख लिहावीच लागते, आणि तारीख नसेल तर केस पुढे पाठवावी लागते. बोलण्यापेक्षा हा दोन ओळींचा कागद जास्त काम करतो.

6. आरोपपत्र शेवटच्या दिवशी काढलं, मला मात्र निवृत्तीनंतर आठवड्याने पोस्टाने मिळालं. ते ग्राह्य आहे का?

बहुधा हो. नियमात शब्द आरोपपत्र “काढल्याच्या” तारखेचा आहे, “मिळाल्याच्या” नव्हे. 1993 मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही दुसऱ्या एका प्रकरणात असाच अर्थ लावला होता: आरोपपत्र तयार होऊन रवाना झालं म्हणजे ते काढलं गेलं. पण रवाना खरंच त्या दिवशी झालं का, हे तपासता येतं. माहितीच्या अधिकारात जावक नोंदवहीच्या त्या पानाची प्रत मागा. पाकिटावरचा पोस्टाचा शिक्का जपून ठेवा, पाकीट फेकू नका. कागदावर 31 मे आणि पोस्टाचा शिक्का 9 जूनचा, असं निघालं तर प्रकरण प्रश्न 7 मध्ये जातं.

7. निवृत्तीनंतर नव्याने चौकशी सुरू करता येते का?

येते, पण अटी कडक आहेत. सक्षम प्राधिकाऱ्याची मंजुरी आधी लागते. ज्या घटनेबद्दल चौकशी करायची, ती आरोपपत्राच्या तारखेच्या आधी चार वर्षांपेक्षा जुनी नसावी. आणि पद्धत बडतर्फीच्या चौकशीला लागते तीच, म्हणजे पूर्ण सुनावणीची.

चार वर्षं निवृत्तीपासून मोजायची, असा समज फार पसरला आहे. तो चूक आहे. घटना ते आरोपपत्र असं मोजायचं. 2016 सालच्या खरेदीबद्दल 2022 मध्ये, निवृत्तीनंतर, पहिल्यांदा आरोपपत्र आलं तर ते मुदतबाह्य आहे. तीच खरेदी, पण आरोपपत्र निवृत्तीच्या आधीचं असेल, तर चार वर्षांची ही अट लागत नाही. म्हणून शेवटच्या महिन्यात कार्यालयांमध्ये आरोपपत्रांची घाई उडते, आणि म्हणूनच प्रश्न 6 मधली जावक नोंदवही इतकी महत्त्वाची.

आरोपपत्र हातात आलं की त्यातल्या आरोपांपेक्षा आधी दोन तारखांखाली रेघ ओढा: घटनेची आणि ज्ञापनाची. सही करून उत्तर दिल्यावर मुदतीचा मुद्दा आठवणारे मला वारंवार भेटतात.

8. अँटी करप्शनने ट्रॅप केला होता. गुन्हा दाखल झाला, पण अजून कोर्टात चार्जशीट गेलेली नाही. दरम्यान मी निवृत्त झालो.

नुसता गुन्हा दाखल होणं म्हणजे न्यायालयीन कार्यवाही नव्हे. फौजदारी प्रकरणात, न्यायालय ज्याची दखल घेतं तो पोलीस अहवाल किंवा तक्रार ज्या दिवशी सादर होते, त्या दिवशी कार्यवाही सुरू झाली असं धरतात.

पण इथे एक खाच आहे. ट्रॅपनंतर बहुतेकांना निलंबित केलं जातं. प्रश्न 5 मध्ये सांगितल्याप्रमाणे, विभागीय आरोपपत्र निघालं की चौकशीची सुरुवात मागे जाऊन निलंबनाच्या तारखेपासून धरली जाते. म्हणजे निलंबनात असतानाच निवृत्त झालेल्याला “चार्जशीट नाही” एवढ्या मुद्द्यावर ग्रॅच्युइटी मिळवणं अवघड जातं. तात्पुरत्या पेन्शनवर मात्र त्याचा पूर्ण हक्क राहतो. निलंबन झालंच नव्हतं, किंवा निवृत्तीआधी मागे घेतलं होतं आणि विभागीय आरोपपत्रही नाही, तर तुमची बाजू भक्कम आहे.

9. माझी चौकशी साधीच आहे, किरकोळ शिक्षेची. तरी ग्रॅच्युइटी अडकली.

हाच तो अपवाद. महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, 1979 मध्ये दोन वाटा आहेत: नियम 8 जबर शिक्षेसाठी आणि नियम 10 किरकोळ शिक्षेसाठी. कार्यवाही नियम 10 खाली असेल आणि शिक्षा ठपका, पदोन्नती रोखणं किंवा वेतनवाढ रोखणं एवढ्यापुरतीच प्रस्तावित असेल, तर उपदान द्यावं, असं नियम 130 मध्येच म्हटलं आहे. नुकसानीची वसुली प्रस्तावित असेल तर हा अपवाद मिळत नाही.

आरोपपत्राच्या पहिल्याच परिच्छेदात “नियम 8 अन्वये” की “नियम 10 अन्वये” हे लिहिलेलं असतं. एका बाईंनी मला दाखवलेला कागद अजून डोळ्यांसमोर आहे: ज्ञापनावर स्वच्छ “नियम 10”, आणि पेन्शन प्रस्तावाच्या पाठवणी पत्रात “नियम 8 अन्वये चौकशी प्रलंबित”. एका आकड्याच्या चुकीने त्यांची सगळी ग्रॅच्युइटी अडली होती. दोन्ही कागदांच्या झेरॉक्स एकाच अर्जाला जोडल्या, चूक ज्याने केली त्यालाही ती नाकारता येईना.

10. निवृत्तीनंतर मला बडतर्फ करू शकतात का? पेन्शन किती कापतात?

बडतर्फ करता येत नाही. सेवाच संपलेली असते. चौकशी चालू राहते ती फक्त पेन्शनपुरती.

कपातीसाठी गैरवर्तन किंवा हलगर्जीपणा “गंभीर” स्वरूपाचा आहे असं सिद्ध व्हावं लागतं. आदेशात तसा निष्कर्ष आहे का, हे शब्द शोधून पाहा. “आरोप अंशतः सिद्ध, सबब 10 टक्के कपात” एवढंच लिहिलेला आदेश आव्हान देण्याजोगा असतो. कपात कायमची की ठरावीक मुदतीची, हेही आदेशात स्पष्ट हवं. अंशतः कपात करताना उरलेली पेन्शन शासनाने ठरवलेल्या किमान पेन्शनच्या खाली नेता येत नाही. पेन्शन न कापता फक्त नुकसानीची वसुली करायची असेल, तर महिन्याची वसुली साधारणपणे निवृत्तीच्या दिवशीच्या पेन्शनच्या एक तृतीयांशाहून जास्त नसावी.

लोकसेवा आयोगाच्या कक्षेतल्या पदांसाठी अंतिम आदेशाआधी आयोगाचा सल्ला घ्यावा लागतो. त्यात वेळ जातो. फाईल आयोगाकडे कधी गेली आणि कधी परत आली, एवढं विचारत राहा.

11. चौकशी सात वर्षं संपत नाही. चौकशी अधिकारीच तीनदा बदलले.

सर्वोच्च न्यायालयाने 2015 मध्ये म्हटलं आहे की विभागीय चौकशी शक्यतो सहा महिन्यांत आणि काही अडचण असेल तर जास्तीत जास्त एका वर्षात संपवावी. वर्ष उलटलं म्हणून चौकशी आपोआप रद्द होत नाही. पण विलंबाला कारण नसेल आणि तो तुमच्यामुळे झालेला नसेल, तर मॅट (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण) मुदत घालून देऊ शकतं आणि काही प्रकरणांत चौकशी रद्दही होते.

“तुमच्यामुळे नसेल” हे सिद्ध करायचं तर रोजनामा, म्हणजे प्रत्येक तारखेला काय झालं त्याची नोंद, लागतो. प्रत्येक सुनावणीनंतर रोजनाम्याची प्रत मागून घ्या. कोकण भवनला सुनावणीला गेलात आणि सादरकर्ता अधिकारी (कार्यालयाची बाजू मांडणारा) आलाच नाही, तर “मी हजर होतो, सुनावणी झाली नाही” अशी नोंद त्याच दिवशी लेखी द्या. बेलापूरला जाऊन नुसतं परत येऊ नका. बचावासाठी सहायक घेता येतो, तोही पहिल्याच तारखेला मागा.

12. माझ्यावर कसलीच चौकशी नाही, तरी निवृत्तीला आठ महिने होऊन पेन्शन नाही. का?

सगळ्यात जास्त माणसं या रांगेत आहेत, आणि त्यांच्याकडे कोणाचं लक्ष नसतं.

नियमांप्रमाणे पेन्शनचे कागद निवृत्तीच्या दोन वर्षं आधी तयार करायला घ्यायचे असतात. प्रत्यक्षात सेवापुस्तक उघडलं जातं ते निरोप समारंभाचं ठरल्यावर. मग त्यात काय काय निघतं! एखाद्या वर्षाच्या सेवा पडताळणीवर सहीच नाही. वेतननिश्चिती पडताळणी पथकाकडून तपासून घेतलेली नाही. रजेच्या हिशेबात दोन पानं कोरी. संगणक अर्हता मुदतीत नाही म्हणून वेतनवाढींवर आक्षेप. हिंदी-मराठी भाषा परीक्षेतून सूट मिळाली होती, पण आदेश लावलेला नाही. एवढं सगळं घेऊन पुस्तक कोकण भवनला पडताळणीला जातं, त्रुटी घेऊन परत येतं, पुन्हा जातं.

आपल्याकडे यात एक खास भर पडली आहे. 1 ऑगस्ट 2014 ला ठाणे जिल्ह्याचं विभाजन होऊन पालघर जिल्हा झाला. ज्यांनी जव्हार, मोखाडा, तलासरीला नोकरीची पहिली वर्षं काढली आणि मग ठाणे-कल्याण भागात बदलून आले, त्यांचे जुने पगारपट आणि ना-देय दाखले आता दुसऱ्या जिल्ह्याच्या दप्तरात आहेत. ठाण्याचं कार्यालय पत्र पाठवतं, तिकडून उत्तर येत नाही, आणि फाईलवर शेरा पडतो: “माहिती अप्राप्त.” अशा वेळी पत्राची प्रत घेऊन स्वतः जा. पालघरच्या त्या त्या कार्यालयात जुनं दप्तर सांभाळणारा माणूस शोधा, त्याच्याशी चांगलं बोला. पगारपटाचा महिना आणि वर्ष नेमकं सांगितलंत तर तो शोधून देतो. “1994 चं काहीतरी” म्हणालात तर कोणी शोधणार नाही.

चौकशी नसलेल्यांनाही, कागद अडकले असतील तर, तात्पुरती पेन्शन आणि उपदान देण्याची सोय याच नियमांत आहे. आठ महिने घरचं रेशन उधारीवर चालवण्याची गरज नाही. तोही अर्ज प्रश्न 3 मधल्या पद्धतीने करा.

अजून सेवेत असाल तर आजच सेवापुस्तक मागून पान न् पान मोबाईलवर टिपून घ्या.

13. निवृत्तीच्या वेळी म्हणाले, वीस वर्षांपूर्वी वेतननिश्चिती चुकली, आता तीन लाख भरा. भरू का?

सही करण्याआधी थांबा. रफिक मसीह प्रकरणात 18 डिसेंबर 2014 ला सर्वोच्च न्यायालयाने काही परिस्थितींत अशी वसुली करता येणार नाही असं सांगितलं: गट क आणि गट ड चे कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात निवृत्त होणारे, आणि वसुलीच्या आदेशापूर्वी पाच वर्षांहून जास्त काळ जादा रक्कम दिली गेली असेल तर. अट एवढीच की चूक कार्यालयाची हवी. तुम्ही खोटी माहिती दिलेली नसावी.

पण 2016 मध्ये त्याच न्यायालयाने म्हटलं, की वेतननिश्चितीच्या वेळी “जादा रक्कम निघाल्यास परत करीन” असं हमीपत्र दिलं असेल तर वसुली होऊ शकते. वेतन आयोग लागू होताना आपण सगळ्यांनी न वाचता सह्या केल्या, ते हेच हमीपत्र. म्हणून पहिला प्रश्न हा: हमीपत्र आहे का, आणि कोणत्या वेतननिश्चितीचं आहे? चूक 1999 ची आणि हमीपत्र 2009 चं असेल तर वाद घालायला जागा आहे.

पेन्शनमधून वसुलीची तरतूद नियम 134-अ मध्ये आहे, पण त्यासाठीही आधी नोटीस देऊन तुमचं म्हणणं ऐकावं लागतं. “पेन्शन लवकर सुटेल, लिहून द्या” म्हणून संमतीपत्र पुढे केलं जातं. ते दिलंत की वरचे सगळे मुद्दे हातचे जातात. चूक पुढच्यासाठी दुरुस्त करायला, म्हणजे पेन्शन योग्य वेतनावर बसवायला, मात्र हरकत घेता येत नाही.

14. उशिराबद्दल व्याज मिळतं का?

मिळतं, पण मागितल्याशिवाय कोणी देत नाही. उपदानाला निवृत्तीपासून तीन महिन्यांहून जास्त उशीर झाला (नियम 129-अ) किंवा पेन्शन देय झाल्यापासून सहा महिन्यांनंतर मंजूर झाली (नियम 129-ब), आणि उशीर प्रशासनाच्या चुकीमुळे झाला असेल, तर त्या मुदतीपुढच्या काळाचं व्याज द्यायचं असतं. उशीर तुम्ही फॉर्म, फोटो किंवा नामनिर्देशन वेळेत न दिल्यामुळे झाला असेल तर नाही. म्हणून आपले कागद दिल्याची पोच जपा.

15. चौकशीत निर्दोष ठरलो. आता आपोआप सगळं मिळेल ना?

आपोआप काही होत नाही. अंतिम आदेशाची प्रत जोडून उपदान, अंशराशीकरण, रोखलेलं रजा रोखीकरण आणि व्याज, अशा चारही मागण्या लेखी करा. निलंबन झालं असेल तर तो काळ कसा धरायचा याचा वेगळा आदेश लागतो. तो निघाला नाही तर तेवढी वर्षं अर्हताकारी सेवेतून गळतात आणि पेन्शन कमी बसते. निर्दोष सुटल्याच्या आनंदात हा आदेश मागायचा राहून जातो.

फौजदारी खटल्यातून सुटलात म्हणून विभागीय चौकशी संपत नाही. दोन्हींची पुराव्याची मोजपट्टी वेगळी आहे. सुटल्याच्या निकालाची प्रत चौकशी अधिकाऱ्याला मात्र लगेच द्या.

16. दाद कुठे मागायची? लोकशाही दिनाला जाऊ का?

जाऊ नका. कोर्ट नाक्याच्या जिल्हाधिकारी कार्यालयात दर महिन्याच्या पहिल्या सोमवारी लोकशाही दिन असतो, पण सेवाविषयक आणि आस्थापनाविषयक तक्रारी तिथे घेत नाहीत. हे माहीत नसल्याने वयस्कर माणसं सकाळपासून रांगेत बसतात आणि दुपारी अर्ज परत घेऊन येतात. फार वाईट वाटतं बघून. त्यापेक्षा पेन्शन अदालत जाहीर झाली की तिथे जा.

त्याआधी कार्यालय प्रमुखांना अर्ज, मग वरिष्ठांना स्मरणपत्र. सोबत माहितीच्या अधिकारात 10 रुपयांचा अर्ज: “माझ्या पेन्शन प्रस्तावावर आजवर झालेल्या टिपणीची प्रत.” 30 दिवसांत उत्तर अपेक्षित असतं. टिपणी हातात आली की फाईल नेमकी कुठे अडली ते दिसतं.

शेवटचा मार्ग म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे मॅट. आपल्यासाठी त्याचं मुंबईचं खंडपीठ. अंतिम आदेशापासून एक वर्ष ही मुदत. निवेदनाला उत्तरच आलं नाही तर सहा महिने वाट पाहून त्यापुढे एक वर्ष. कमी बसलेल्या पेन्शनचा हक्क दर महिन्याला नव्याने उभा राहतो हे खरं, पण उशिरा गेलात तर थकबाकी साधारण मागच्या तीन वर्षांपुरतीच मिळते. स्मरणपत्रं पाठवत बसल्याने मुदत वाढत नाही.

17. मी महापालिकेत, जिल्हा परिषदेत, अनुदानित शाळेत किंवा सिडकोत होतो. हेच नियम का?

जिल्हा परिषद आणि अनुदानित शाळांना पेन्शनचे नियम मोठ्या प्रमाणात हेच लागू आहेत. शिस्तीचे नियम मात्र वेगळे. दाद मॅटकडे नाही, उच्च न्यायालयात मागावी लागते. चुकून मॅटमध्ये गेलात तर वर्ष-दोन वर्षं वाया जातात. ठाणे किंवा नवी मुंबई महापालिकेची पेन्शन पालिका स्वतःच्या निधीतून देते, म्हणून प्रश्न 3 मधलं महालेखापालांचं काही तुम्हाला लागत नाही. लेखा विभागाकडेच पाठपुरावा करा. सिडको आणि महामंडळांसाठी त्यांचे सेवा नियम आणि उपदानाचा कायदा (आधी 1972 चा, नोव्हेंबर 2025 पासून सामाजिक सुरक्षा संहिता, 2020) पाहावा लागतो. त्या कायद्यात ग्रॅच्युइटी 30 दिवसांत द्यायची असते.

18. चौकशी चालू असतानाच माझे मिस्टर वारले. कार्यालय म्हणतं चौकशीचा निकाल लागल्याशिवाय काही देता येत नाही.

ताई, माणूस गेला की त्याच्यावरची विभागीय चौकशी तिथेच संपते. मेलेल्या माणसाला दोषी ठरवता येत नाही, कारण त्याला आपलं म्हणणं मांडता येत नाही. कुटुंब निवृत्तिवेतन हा तुमचा स्वतःचा हक्क आहे. त्यांच्यावर काय आरोप होते याचा त्याच्याशी संबंध नाही. अडवलेलं उपदानही मागा. शासनाचं एखादं ठरलेलं येणं (घरबांधणी अग्रिम, शासकीय निवासस्थानाचं भाडं) असेल तेवढंच त्यातून वळतं होतं.

दोन अर्ज करा आणि ते वेगवेगळे ठेवा. पहिला, मृत्यूचा दाखला जोडून विभागीय चौकशी बंद केल्याचा आदेश मिळण्याबाबत. दुसरा, कुटुंब निवृत्तिवेतन आणि उपदानाबाबत. एकाच कागदावर लिहिलंत तर दुसरं काम पहिल्याची वाट बघत बसेल. नामनिर्देशनाची प्रत घरात नसेल तर सेवापुस्तकाला लावलेली असते, ती दाखवायला सांगा. जाताना मुलाला किंवा शेजारच्या कोणाला सोबत घ्या, आणि नोंदणी शाखेचा शिक्का पडल्याशिवाय खिडकीपासून हलू नका.